मुंबईच्या घडणीतील गोमंतकीय : डॉ. भाऊ दाजी लाड

मुंबईत भायखळ्याच्या राणीच्या बागेत एक देखणी जुनी वास्तू उभी आहे. बाहेरून ती एखाद्या इटालियन हवेलीसारखी संयत दिसते. आत पाऊल टाकले की बिडाचे उंच खांब, त्यांच्या माथ्यावरील नक्षीदार कमानी, वरच्या मजल्याचा लोखंडी कठडा आणि सोन्याच्या वर्खाने उजळलेले छत नजरेत भरते. मुंबईतील हे सर्वांत जुने वस्तुसंग्रहालय. २ मे १८७२ रोजी ते लोकांसाठी खुले झाले, तेव्हा त्यावर इंग्लंडची राणी व्हिक्टोरिया आणि तिचे पती अल्बर्ट यांची नावे होती. १ नोव्हेंबर १९७५ रोजी ती उतरली आणि त्या जागी डॉ. भाऊ दाजी लाड हे नाव आले. ज्यांचे हे नाव, ते गोव्यातील पेडणे महालात जन्मलेले एक डॉक्टर होते.

हे नाव इमारतीवर लागायला शंभरांहून अधिक वर्षे जावी लागली. तरीही मुंबईच्या एकोणिसाव्या शतकाचा इतिहास भाऊ दाजींना वगळून सांगता येत नाही. तटबंदीच्या आत दाटीने वसलेल्या एका व्यापारी बंदराचे महानगर झाले, ते त्यांच्या डोळ्यांदेखत. त्या बदलात त्यांनी कीर्ती आणि संपत्ती दोन्ही मिळवल्या, आणि त्यांतील बराच भाग गमावलाही. त्यांच्या हयातीतील कोणत्या गोष्टी टिकल्या आणि कोणत्या लोपल्या, हे पाहू गेल्यास केवळ एका माणसाचे चरित्र हाती येत नाही. शहर कशाच्या आधारावर उभे राहते, तेही त्यातून उमगते.

रामचंद्र विठ्ठल लाड हे त्यांचे पूर्ण नाव. घरात त्यांना भाऊ म्हणत आणि वडील दाजी म्हणून ओळखले जात. या दोन घरगुती नावांचा जोड पुढे विद्वत्सभांतून आणि सरकारी कागदपत्रांतून रूढ झाला. १८२२ मध्ये मांद्रे गावी एका गौड सारस्वत कुटुंबात त्यांचा जन्म झाला. सावंतवाडीकरांच्या हातून पेडणे महाल पोर्तुगिजांकडे जाऊन तेव्हा तीन-चार दशकेच लोटली होती. घरची परिस्थिती बेताची होती. मातीच्या मूर्ती आणि बाहुल्या विकून मिळणाऱ्या उत्पन्नावर कुटुंबाचा निर्वाह चाले. लहानपणीच भाऊंची बुद्धिबळातील गती पाहून एका इंग्रज गृहस्थाने मुलाला इंग्रजी शिकवण्याचा सल्ला वडिलांना दिला, असे सांगितले जाते. वडिलांनी तो मानला आणि मुंबईत मुलाचे नाव एल्फिन्स्टन संस्थेत दाखल झाले. पोर्तुगीज अमलातील एका खेड्यातून इंग्रजी अमलातील बंदरात झालेले हे स्थलांतर त्या काळच्या असंख्य गोमंतकीय कुटुंबांच्या वाट्याला आले होते. लाड कुटुंबाने सोबत आणले ते मुख्यतः मुलाची हुशारी आणि वडिलांची चिकाटी.

त्या वेळची मुंबई आजच्या मुंबईहून फार निराळी होती. फोर्ट या नावाने आजही ओळखला जाणारा भाग खरोखरीच तटांच्या आत होता. भोवती खंदक होता, आणि अपोलो, चर्च व बाजार या नावांचे दरवाजे होते. आत गव्हर्नराची कचेरी, गोदामे, पेढ्या, इंग्रजांची आणि धनिक पारशांची घरे होती. तटाबाहेर तोफांचा मारा मोकळा राहावा म्हणून राखलेले विस्तीर्ण मैदान होते आणि त्यापलीकडे गिरगाव, भुलेश्वर, मांडवी अशी देशी लोकांची दाट वस्ती पसरली होती. १८३३ मध्ये तटाच्या आत टाउन हॉल पूर्ण झाला. कर्नल थॉमस काउपर यांनी उभारलेली ही इमारत ग्रीक पद्धतीची आहे. रुंद पायऱ्या आणि भक्कम डोरिक खांब यांमुळे ती साऱ्या परिसरावर अधिराज्य गाजवी. रॉयल एशियाटिक सोसायटीच्या मुंबई शाखेचे ग्रंथालय याच इमारतीत होते. पेडण्याहून आलेला हा मुलगा पुढे त्या सोसायटीचा उपाध्यक्ष व्हायचा होता.

एल्फिन्स्टन संस्थेत भाऊ दाजी चमकले. काठेवाड आणि कच्छ या प्रांतांत मुलगी जन्मताच तिला मारून टाकण्याची जी चाल काही घराण्यांत होती, तिच्यावरील त्यांच्या निबंधाला बक्षीस मिळाले. पुढे त्याच संस्थेत ते शिक्षक झाले. शिक्षकाची नोकरी ही त्या काळच्या गरीब पण हुशार तरुणाला सहज समाधान देणारी होती. भाऊ दाजींनी मात्र ती सोडून पुन्हा विद्यार्थी होण्याचे ठरवले. १८४५ मध्ये भायखळ्यास ग्रँट मेडिकल कॉलेज सुरू झाले होते. पाश्चात्त्य वैद्यकाचे शिक्षण घ्यायचे म्हणजे शवविच्छेदन करायचे, आणि शवाचा स्पर्श हा सवर्ण हिंदू समाजात मोठ्या विटाळाचा विषय होता. भाऊ दाजी त्या कॉलेजच्या पहिल्या पदवीधरांपैकी एक ठरले. १८५१ मध्ये त्यांनी मुंबईत स्वतंत्र व्यवसाय सुरू केला. धाकटे बंधू नारायण दाजी हेही डॉक्टर होऊन त्यांचे उजवे हात बनले. धनिकांकडून मिळणारे शुल्क आणि गरिबांवर विनामूल्य उपचार अशा दोन बाजूंनी त्यांचा व्यवसाय वाढला, आणि काही वर्षांतच ते शहरातील सर्वांत नामांकित देशी डॉक्टरांत गणले जाऊ लागले.

दवाखान्याच्या चार भिंतींत मावणारी ही वृत्ती नव्हती. एल्फिन्स्टनच्या शिक्षक-विद्यार्थ्यांनी १८४८ मध्ये स्थापन केलेल्या स्टुडंट्स लिटररी अँड सायंटिफिक सोसायटीचे ते पहिले भारतीय अध्यक्ष झाले. या सोसायटीने मुंबईत मुलींच्या शाळा काढल्या. मुलींना शिकवणे हे घराण्याच्या नाशाचे लक्षण मानले जाण्याच्या त्या काळात या शाळांमागे प्रतिष्ठित डॉक्टराचे वजन उभे राहणे मोलाचे होते. १८५२ मध्ये बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली. जगन्नाथ शंकरशेट तिचे अध्यक्ष होते, आणि चिटणीसपदाची धुरा वाहणाऱ्यांत भाऊ दाजी होते. कंपनी सरकारच्या कारभारातील दोष दाखवणारा अर्ज या संस्थेने थेट ब्रिटिश पार्लमेंटकडे पाठवला. पुढे १८६९ मध्ये ईस्ट इंडिया असोसिएशनची मुंबई शाखा निघाली, तेव्हाही ते अग्रभागी होते. १८५७ मध्ये मुंबई विद्यापीठ स्थापन झाले, तेव्हा पहिल्या फेलोंच्या यादीत त्यांचे नाव होते. विष्णुदास भावे यांची नाटक मंडळी सांगलीहून मुंबईत आली, तेव्हा तिला आश्रय देणाऱ्यांतही ते होते.

याच दशकात वस्तुसंग्रहालयाची कल्पना रुजली. १८५१ मध्ये लंडनला आणि १८५५ मध्ये पॅरिसला भरलेल्या मोठ्या प्रदर्शनांसाठी मुंबई इलाख्यातून कारागिरीच्या वस्तू, धान्ये, खनिजे आणि नमुने गोळा झाले होते. त्यांच्या जोड-नमुन्यांतून एक कायमचा संग्रह उभारावा असे ठरले. फोर्टमधील टाउन बॅरॅक्समध्ये तो मांडला गेला आणि जॉर्ज बुइस्ट या पत्रकार-संशोधकाकडे त्याची व्यवस्था आली. पण १८५७ साल उजाडले. उत्तरेत उठाव भडकताच बॅरॅक्स सैन्यासाठी ताब्यात घेण्यात आल्या. संग्रह घाईघाईने हलवला गेला आणि त्यातील बराच भाग नासला. सरकारी इमारतीच्या एका कोपऱ्यात ठेवलेला संग्रह सरकारची गरज बदलताच बेघर होतो, हा धडा शहराला मिळाला.

उरलेसुरले गोळा करण्याचे काम जॉर्ज बर्डवुड यांच्याकडे आले. बर्डवुड यांचा जन्म १८३२ मध्ये बेळगावचा. ग्रँट मेडिकल कॉलेजात ते प्राध्यापक होते आणि हिंदी कारागिरीचे खरे रसिक होते. पेडण्यात जन्मलेला देशी डॉक्टर आणि बेळगावात जन्मलेला इंग्रज डॉक्टर या कामात जोडीदार झाले. १ नोव्हेंबर १८५८ रोजी राणीचा जाहीरनामा प्रसिद्ध होऊन कंपनीचे राज्य संपले. त्यानंतर डिसेंबरात मुंबईच्या नागरिकांची सभा भरली. राणीच्या नावाने वस्तुसंग्रहालय आणि बाग उभारण्यासाठी वर्गणी काढण्याचे तीत ठरले. भाऊ दाजी, बर्डवुड आणि जगन्नाथ शंकरशेट हे या प्रयत्नामागचे प्रमुख होते, आणि संग्रहालयाच्या समितीचे चिटणीस म्हणून भाऊ दाजींनी निधी जमवण्याचा भार उचलला.

आजच्या वाचकाला राणीच्या नावाने काढलेली ही वर्गणी राजनिष्ठेचे प्रदर्शन वाटेल, आणि ते तसे होतेही. पण वर्गणीतून काय मागितले गेले, हेही पाहिले पाहिजे. पुतळा किंवा विजयस्तंभ न मागता सर्वांना प्रवेश असलेली इमारत आणि बाग मागण्यात आली. पार्लमेंटकडे गाऱ्हाणी नेणारा माणूस राणीच्या नावाचा आडोसा घेऊन शहरासाठी ज्ञानाचे घर उभारू पाहत होता. पारशी, हिंदू, ज्यू आणि इंग्रज अशा सगळ्यांकडून मिळून सुमारे १ लाख १६ हजार रुपये वर्गणी जमली. नोव्हेंबर १८६२ मध्ये गव्हर्नर सर बार्टल फ्रेअर यांच्या हस्ते भायखळ्यास संग्रहालयाची कोनशिला बसली. त्याच सुमारास लेडी फ्रेअर यांच्या हस्ते बागही खुली झाली. तीच आजची वीरमाता जिजाबाई भोसले उद्यान, अर्थात लोकांच्या तोंडची राणीची बाग.

फ्रेअर यांच्या कारकिर्दीत मुंबईचा चेहरा पालटला. तटबंदी पाडण्याचा निर्णय त्यांचा. एकेकाळी समुद्रावरून येणाऱ्या शत्रूसाठी बांधलेले तट आता शहराच्या वाढीला अडसर झाले होते. खंदक बुजले, दरवाजे पडले, आणि मोकळ्या झालेल्या जागेवर रुंद रस्ते व सार्वजनिक इमारती आखल्या गेल्या. टाउन हॉलसमोर एल्फिन्स्टन सर्कल, म्हणजे आजचे हॉर्निमन सर्कल, आकाराला आले. १८६० मध्ये विहार तलावाचे पाणी शहरात पोचले होते आणि १८५३ पासून रेल्वे धावत होती. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ पासून तिथला कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेनासा झाला, आणि हिंदुस्थानच्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईच्या बंदरात पैशाचा पूर लोटला. १८६४ च्या शिरगणतीत शहराची लोकसंख्या ८ लाख १६ हजार ५६२ भरली.

शहर आपले जुने तट पाडत होते, त्याच वर्षांत भाऊ दाजी जुन्या शिळा वाचत होते. रुग्ण तपासून उरलेला वेळ आणि मिळवलेला पैसा ते प्राचीन लेखांमागे खर्च करीत. अजिंठ्याच्या लेण्यांतील लेखांचे ठसे, वाचन आणि अनुवाद त्यांनी प्रसिद्ध केले. जुनागढच्या गिरनार पायथ्याच्या शिळेवर अशोक, रुद्रदामन आणि स्कंदगुप्त अशा तीन काळांचे लेख आहेत. त्यांतील नंतरच्या दोहोंच्या वाचनात त्यांनी भर घातली. फुटलेला सुदर्शन तलाव प्रजेवर कर न लादता पुन्हा बांधल्याचे रुद्रदामनाने इ. स. १५० च्या सुमारास त्या शिळेवर कोरून ठेवले होते. जुनागढचाच भगवानलाल इंद्रजी हा तरुण त्यांनी मुंबईस आणवला आणि लेखांच्या शोधार्थ स्वतःच्या खर्चाने देशभर पाठवला. भगवानलाल पुढे भारतीय पुरालेखविद्येतील अग्रगण्य पंडित झाले. चाळीसगावजवळील पाटण येथील शिलालेख भाऊ दाजींनी उजेडात आणला. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापन केल्याची नोंद त्यात आहे. आर्यभटाच्या मूळ ग्रंथाच्या हस्तलिखितांचा माग काढून, आर्यभट नावाचे दोन ज्योतिषी वेगवेगळे होते आणि पहिल्याचा जन्म इ. स. ४७६ चा, हे त्यांनी १८६५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात मांडले.

त्यांची सगळीच अनुमाने टिकली नाहीत. कालिदास आणि काश्मीरचा राजा झालेला मातृगुप्त हे एकच, हे त्यांचे मत पुढील पंडितांनी स्वीकारले नाही. परंतु पुरावे छापून सर्वांसमोर ठेवण्याची त्यांची रीत अशी होती की चूक असली तर ती दुसऱ्याला दाखवता यावी. युरोपातील प्राच्यविद्या संस्थांनी त्यांना सदस्यत्व देऊन गौरवले, ते याचसाठी.

सत्य समोर ठेवण्याची ही वृत्ती १८६२ मध्ये वेगळ्याच ठिकाणी कसाला लागली. वल्लभ संप्रदायातील काही महाराजांच्या अनाचारावर करसनदास मुळजी यांनी आपल्या गुजराती पत्रातून टीका केली होती. जदुनाथजी महाराजांनी त्यांच्यावर सर्वोच्च न्यायालयात अब्रुनुकसानीचा दावा लावला. या गाजलेल्या महाराज खटल्यात भाऊ दाजींनी महाराजांच्या आजाराविषयी डॉक्टर म्हणून साक्ष दिली. शहरातील धनाढ्य भाटिया आणि बनिया व्यापारी या संप्रदायाचे अनुयायी होते, आणि डॉक्टराचा व्यवसाय अशाच घराण्यांच्या विश्वासावर चालतो. ती किंमत मोजण्याची तयारी ठेवून ते पिंजऱ्यात उभे राहिले. निकाल करसनदासांच्या बाजूने लागला.

कापसाच्या पैशाने मात्र विवेकी माणसांनाही भुरळ घातली. मुंबईत बँका आणि कंपन्या अळंब्यांसारख्या उगवल्या. समुद्र हटवून जमीन काढण्याच्या बॅक बे रेक्लमेशनसारख्या योजनांचे शेअर मूळ किमतीच्या कितीतरी पटींनी विकले जाऊ लागले. डॉक्टर, वकील, कारकून, दलाल, सगळेच त्या लाटेवर स्वार झाले. भाऊ दाजीही त्यातून सुटले नाहीत. १८६५ च्या वसंतात अमेरिकेतील युद्ध संपले, कापसाचा भाव कोसळला, आणि १ जुलै १८६५ रोजी वायद्यांचे पैसे चुकते करण्याची वेळ आली तेव्हा देणारा कोणी उरला नव्हता. पिढ्यान्‌पिढ्यांच्या पेढ्या बुडाल्या. भाऊ दाजींनी दीड दशकात जोडलेल्या संपत्तीलाही मोठे खिंडार पडले. त्याच महिन्याच्या ३१ तारखेला जगन्नाथ शंकरशेट यांचे निधन झाले. शहराचा आधारवड गेला आणि तिजोऱ्या रित्या झाल्या, अशा स्थितीत भायखळ्याचे अर्धवट बांधकाम उभे होते.

या आपत्तीनंतरच्या वर्षांत त्यांचे लक्ष एका जुन्या शत्रूकडे अधिकाधिक वळले. तो शत्रू म्हणजे कुष्ठरोग. आयुर्वेदातील औषधे आधुनिक पद्धतीने तपासून पाहण्याची त्यांची जुनी आवड होती. कोकण-गोव्याच्या रानांत वाढणाऱ्या कडू कवठाच्या बियांच्या तेलावर आधारलेला उपचार त्यांनी रुग्णांवर करून पाहिला. काहींना त्याचा गुण आल्याची वार्ता पसरली आणि दूरदूरचे रोगी येऊ लागले. मात्र अजिंठ्याचे लेख जगापुढे ठेवणाऱ्या या संशोधकाने आपल्या उपचाराचा तपशील गुप्त ठेवला. पूर्ण खात्री झाल्यावरच तो जाहीर करावा, असा त्यांचा विचार असावा. परंतु समव्यावसायिकांनी या गुप्ततेवर टीका केली, आणि ती निराधार नव्हती. उपचार तपासता आला नाही, तर त्याच्या यशाची ग्वाही कोणी द्यावी? ज्या वनस्पतींच्या कुळातील हे तेल, त्यांची तेलेच पुढे अनेक दशके, सल्फोन औषधे येईपर्यंत, जगभर कुष्ठरोगावर वापरली गेली. त्या इतिहासात भाऊ दाजींना मिळायला हवी होती ती जागा त्यांच्या मौनामुळे अंधुक राहिली.

लोकांच्या मनातील त्यांचे स्थान आर्थिक हानीने ढळले नाही. १८६९ आणि १८७१ अशी दोनदा त्यांची मुंबईच्या शेरीफपदी नेमणूक झाली. मातीच्या बाहुल्या विकणाऱ्या घरातून आलेला माणूस शहराचा प्रथम नागरिक मानल्या जाणाऱ्या पदावर बसला. या वर्षांतच संग्रहालयाची इमारत पूर्णत्वास गेली. आराखडा विल्यम ट्रेसी यांचा होता. त्यांच्या निधनानंतर स्कॉट, मॅक्लेलंड आणि कंपनीने काम तडीस नेले. एकूण खर्च सुमारे ४ लाख ३० हजार रुपये झाला, म्हणजे जमलेल्या वर्गणीच्या जवळजवळ चौपट. उरलेला भार सरकारी तिजोरीने उचलला. डेव्हिड ससून यांनी प्रिन्स अल्बर्ट यांचा संगमरवरी पुतळा दिला. शिल्पकार मॅथ्यू नोबल यांच्या हातचा तो पुतळा आजही दालनाच्या केंद्रस्थानी आहे.

मुंबईच्या वास्तुकलेत या इमारतीचे स्थान दोन युगांच्या सांध्यावर आहे. टाउन हॉलच्या पिढीने ग्रीक-रोमन घडणीचा आदर्श मानला. तट पडल्यावर मोकळ्या मैदानाच्या काठी उभ्या राहिलेल्या सचिवालय, विद्यापीठ, उच्च न्यायालय आणि शेवटी बोरीबंदरच्या रेल्वे स्थानकाने टोकदार कमानींची गॉथिक पद्धत स्वीकारली. भायखळ्याचे संग्रहालय या दोहोंच्या मधले. बाहेरचे रूप सोळाव्या शतकातील इटालियन वास्तुकार पल्लाडिओच्या परंपरेतील, प्रमाणबद्ध आणि शांत. आतला सांगाडा मात्र नव्या यंत्रयुगाचा. बिडाचे खांब आणि कठड्यांचे भाग इंग्लंडमधील कारखान्यांत ओतून जहाजाने मुंबईत आणले आणि येथे जोडले. जाड भिंतींच्या आधाराविना एवढे उंच, मोकळे दालन उभे राहिले ते या लोखंडामुळेच. फोर्टमधील वॉटसन हॉटेलचा सांगाडाही याच काळात असाच परदेशातून आला होता. रंगीत फरश्या, निळसर-हिरव्या छटा आणि सोनेरी नक्षी यांनी त्या लोखंडाचा रुक्षपणा झाकला. दगडी परंपरेचे कवच आणि लोखंडी नवतेचा गाभा, असे हे घर त्या काळच्या मुंबईचेच रूप होते.

उद्घाटनानंतर भाऊ दाजींना दोनच वर्षे लाभली. मे १८७४ मध्ये, वयाची पन्नाशी नुकतीच उलटली असताना त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी हॉलंडमधील लायडन येथे केर्न यांनी आर्यभटीयाची छापील आवृत्ती प्रसिद्ध केली. त्याच वर्षी मुंबई विद्यापीठाचे दीक्षान्त सभागृहही पूर्ण झाले. नव्या शहराच्या ज्या इमारती पाहायला आज जगभरचे प्रवासी येतात, त्यांतील बहुतेकांची शिखरे भाऊ दाजींनी पाहिली नाहीत.

मागे काय राहिले? संपत्ती राहिली नव्हती. कुष्ठरोगावरील उपचाराची नेमकी कृती त्यांच्याबरोबर गेली. पण त्यांच्या स्मरणार्थ जोपासलेला हस्तलिखितांचा संग्रह एशियाटिक सोसायटीत, त्याच डोरिक खांबांच्या इमारतीत, अभ्यासकांसाठी उपलब्ध झाला. विखुरलेले निबंध १८८८ मध्ये कलकत्त्यास ग्रंथरूपाने एकत्र छापले गेले. संस्कृतच्या विद्यार्थ्यांसाठी विद्यापीठात त्यांच्या नावाचे पारितोषिक ठेवण्यात आले. गोव्याच्याच प्रियोळचे संशोधक अ. का. प्रियोळकर यांनी पुढे त्यांचे साक्षेपी चरित्र लिहून हा माणूस मराठी वाचकांपुढे पुन्हा उभा केला. त्यांनी जे जे सार्वजनिक केले ते राहिले, आणि जे स्वतःपाशी राखले ते नाहीसे झाले.

संग्रहालयाच्याही नशिबी चढउतार आले. विसाव्या शतकात फोर्टच्या टोकाला नवे, मोठे प्रिन्स ऑफ वेल्स संग्रहालय उभे राहिले आणि भायखळ्याची वास्तू मागे पडली. छत गळू लागले, सोनेरी नक्षी रंगांच्या थरांखाली दडली, लोखंडाला गंज चढला. १९७५ मध्ये नाव बदलले, तरी अवस्था फारशी बदलली नाही. २००३ मध्ये महानगरपालिका, इंटॅक ही वारसा जपणारी संस्था आणि जमनालाल बजाज प्रतिष्ठान यांच्यात करार होऊन जीर्णोद्धार सुरू झाला. रंगांचे थर खरवडून मूळ छटा शोधल्या गेल्या, आणि सोन्याचा वर्ख पुन्हा चढला. २००५ मध्ये युनेस्कोने या कामाला आशिया-प्रशांत विभागातील वारसा संवर्धनाचा सर्वोच्च पुरस्कार दिला, आणि २००८ मध्ये संग्रहालय पुन्हा पूर्णपणे खुले झाले.

आज तिथे मांडलेल्या वस्तूंत मुंबईतील विविध जातीजमातींचे वेश आणि व्यवसाय दाखवणाऱ्या मातीच्या लहान मूर्तीही आहेत. शाळेच्या सहलींतील मुले त्यांच्यापाशी सर्वांत जास्त रेंगाळतात. ज्या नावाच्या छताखाली त्या मांडल्या आहेत, त्या नावाच्या घरातही एकेकाळी अशाच मूर्तींवर चूल पेटत असे.